लाल पेनाखालची गौराई

गेल्या वर्षी एका महाविद्यालयात प्रकल्पाच्या वह्या तपासायला मला बोलावलं होतं. तृतीय वर्ष, मराठी विषय. बहुतेक वह्या एकमेकींच्या बहिणी असतात, तशाच होत्या. पण एका मुलीने खानदेशातल्या बोरी नदीकाठच्या आपल्या गावातली आखाजीची, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या सणाची, गाणी गोळा केली होती. एकोणीस गाणी, निळ्या शाईत, प्रत्येकाखाली गाणाऱ्या बाईचं वय आणि गल्ली. त्यातल्या तीन गाण्यांवर लाल पेनाने आडवी काट मारलेली आणि समासात एकच शब्द: 'अयोग्य'.

मी अर्थातच आधी ती तीनच वाचली. एकात नणंद-भावजयीची नवऱ्यावरून चेष्टा होती. दुसऱ्यात सासऱ्याच्या मिशांचा उद्धार. तिसऱ्यात गौराई शंकराला पहाटे अंथरुणावरून उठवून विचारते, की रात्रभर कुठे होतास, आणि पुढे त्याच्या जटेत कुणाची फुलं सापडली त्याची झडती घेते. एवढंच. खोलीच्या दारावर मात्र मराठीला अभिजात दर्जा मिळाल्याच्या आनंदाचा फलक अजून लटकत होता.

त्या फलकाचं आणि त्या काटेचं नातं मला त्या दिवसापासून सोडत नाही. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्राने मराठीला अभिजात म्हटलं. ज्या अहवालाच्या जोरावर ही मागणी झाली, त्या रंगनाथ पठारे समितीच्या अहवालात मराठीच्या प्राचीनतेचा मोठा पुरावा म्हणून हाल सातवाहनाच्या नावावरची 'गाथासप्तशती' मांडलेली आहे. इसवीसनाच्या पहिल्या काही शतकांतलं, महाराष्ट्री प्राकृतातल्या सातशे गाथांचं हे संकलन. आता ते उघडा. पहिल्याच गाथेत पशुपती संध्याकाळचं अर्घ्य द्यायला ओंजळीत पाणी घेऊन उभा आहे आणि त्या पाण्यात रागाने लाल झालेल्या गौरीचं तोंड उमटलंय. संध्येला हात जोडतोय म्हणजे ही कोण नवी, असा तिचा राग, असं टीकाकार सांगतात. ग्रंथाचं मंगलाचरण म्हणजे बायकोने नवऱ्याची घेतलेली झडती! त्या मुलीच्या वहीतल्या तिसऱ्या गाण्याची ही थोरली बहीणच की.

म्हणजे दिल्लीत जे दाखवून आपण मान मिळवला, तेच गल्लीत सापडलं की आपण त्यावर काट मारतो. माझी तक्रार एवढीच आहे, आणि ती त्या एका लाल पेनापुरती नाही.

प्रेम, जगण्याची हाव आणि देवाशी असलेली ही सलगी एकत्र नांदते त्या वृत्तीला पश्चिमेकडे 'पेगन' म्हणतात. आपल्याकडे त्याला धड शब्द नाही. 'मूर्तिपूजक' म्हटलं की वाद धर्माकडे जातो, 'निसर्गपूजक' म्हटलं की पर्यटनाच्या जाहिरातीचा वास येतो. मूळ लॅटिन शब्द मोठा गमतीचा आहे. 'पागुस' म्हणजे खेड्यांचा मुलुख, 'पागानुस' म्हणजे तिथला माणूस, खेडूत. रोमन साम्राज्यात ख्रिस्ती धर्म आधी शहरांत रुजला, खेड्यातले लोक मात्र झऱ्यांचे, झाडांचे, उंबरठ्यांचे जुने देव धरून बसले, म्हणून 'खेडूत' हाच शब्द 'जुन्या देवांचा माणूस' या अर्थाने चालू लागला, असा त्याचा एक रूढ उलगडा आहे. म्हणजे या शब्दाचं खरं मराठी भाषांतर 'गावंढळ'. अहिराणी बोलणाऱ्या आमच्या पोरापोरींनी पुण्यातल्या हॉस्टेलात हा शब्द पुष्कळदा ऐकलेला असतो. तो असा उच्च कुळातला निघेल असं त्यांना वाटलं नसेल.

हे गावंढळपण खानदेशात बघायचं तर आखाजीला या. अक्षय्य तृतीया हे तिचं पंचांगातलं नाव. आमच्याकडे सालदाराचं, म्हणजे वर्षाच्या बोलीवर राबणाऱ्या गड्याचं, साल आखाजीला संपतं आणि आखाजीलाच नवं लागतं, त्यामुळे शेतीचं खरं वर्ष इथून सुरू. पितरांसाठी घागर भरायची, तिच्यावर डांगर, म्हणजे खरबूज, ठेवायचं. खापरावरची पुरणपोळी आणि आमरस. पुरुष पारावर पत्ते कुटतात आणि त्यात पैसे लावतात, हे लपवण्यात अर्थ नाही. आणि लेकी माहेरी येतात. निंबाला झोके बांधले जातात, गौराईपुढे गाणी सुरू होतात. घागर भरताना मेलेल्यांची आठवण सकाळीच उरकलेली असते, दुपारी झोका. एकाच दिवसात पितर आणि झोका बसवणाऱ्या लोकांना जगण्याचं तत्त्वज्ञान वेगळं शिकवायची गरज नसते.

माझ्या फुईच्या, म्हणजे आत्याच्या, आठवणीत आखाजीचा 'बार' अजून ताजा आहे. वैशाखात बोरीचं पात्र कोरडं ठक्क. अलीकडच्या काठावर एका गावच्या बायका, पलीकडच्या काठावर दुसऱ्या गावच्या. मध्ये वाळू. गाण्यातून शिव्या, शिव्यांतून गाणी, एकमेकींच्या नवऱ्यांचे, दिरांचे, जावयांचे वाभाडे, आणि रंग चढला की ढेकळंसुद्धा. पुरुषाने तिथे फिरकायचं नाही. वर्षभर डोक्यावरचा पदर न सरकलेल्या बायका त्या दोन तासांत जे बोलत, ते कुठल्याही वहीत आलेलं नाही. फुई म्हणते, "पोट दुखे हसी हसी." आता काठावर वाळूच उरलेली नाही, ती ट्रॅक्टरने गेली, बारही बऱ्याच गावांत बंद पडलाय. दोन्ही गोष्टींचा एकमेकींशी संबंध आहे की नाही हे मी सांगू शकत नाही, पण उभं राहायला काठ तर लागतोच.

थोडं पूर्वेला, जळगावकडे, भाद्रपदी पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत भुलाबाई बसते. शंकर भिल्लिणीच्या रूपातल्या पार्वतीवर भुलला, म्हणून तो भुलोजी आणि ती भुलाबाई, अशी कथा पोरी सांगतात. महिनाभर टिपऱ्या, गाणी, आणि शेवटी झाकलेला खाऊ ओळखायचा. देव भिल्लिणीवर भुलतो, त्याची लाज कुणालाच वाटत नाही, उलट त्याचीच पूजा मांडतात. गाथासप्तशतीतली ओंजळीतली गौरी आणि भिंतीला टेकवलेली ही मातीची भुलाबाई यांच्यामध्ये दीड-दोन हजार वर्षं आहेत. नातं सिद्ध करायला माझ्याकडे कागद नाही. चेहरेपट्टी आहे.

आणि कापूस आहे. गाथेत एक शेतकऱ्याची बायको आहे. कपाशीच्या रानात पहिला नांगर घालायच्या शुभ दिवशी ती नांगराची पूजा करते आहे आणि तिचे हात थरथरताहेत. कारण हीच कपाशी उद्या डोक्याएवढी होईल, आणि मग तिथे कुणाला भेटायचं ते तिच्या मनात आधीच ठरलंय. दोन ओळींची कविता. पूजा खोटी नाही आणि थरथरही खोटी नाही. खानदेशात वाढलेल्या माणसाला या गाथेला टीप लागत नाही. भाद्रपदात कपाशीच्या तासात शिरलेलं माणूस बांधावरून दिसत नाही हे आम्हाला ठाऊक आहे. हालाच्या त्या संग्रहातच एक टोमणाही आहे: अमृतासारखं प्राकृत काव्य ज्यांना वाचता येत नाही, ऐकता येत नाही, आणि तरीही जे प्रेमाच्या तत्त्वावर चर्चा करतात, त्यांना लाज कशी वाटत नाही? हा टोमणा कुणाला लागू पडतो ते मी सांगत बसत नाही.

(चाळीसगावच्या दक्षिणेला डोंगरात पितळखोऱ्याची लेणी आहेत. बौद्ध लेणी, पण तिथे सापडलेला एक यक्ष असा दिलखुलास हसतोय की विरक्तीचा उपदेश ऐकायला निघालेला माणूस वाटेतच थबकावा. तो आता दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. हातावर कोरलंय की कण्हदास नावाच्या सोनाराने हा केला. जळगावच्या सराफ्यात मी हे सांगते तेव्हा दुकानदार खूश होतात.)

आता बहिणाबाईंकडे येते, कारण खानदेशातल्या कवितेवर बोलायचं आणि त्यांना टाळायचं हे होणार नाही. आणि सगळ्यात मोठी सफाई त्यांच्याच कवितेची झाली आहे. १८८० साली असोद्यात जन्म, जळगावच्या चौधरींच्या घरात दिल्या, अक्षरओळख नाही, तिशीत वैधव्य, १९५१ साली मृत्यू. शेतात, जात्यावर रचलेली गाणी मुलगा सोपानदेव आणि त्याचे मावसभाऊ पितांबर चौधरी यांनी उतरवून घेतली म्हणून वाचली. अत्र्यांनी ती वही पाहिली, प्रस्तावना लिहिली, आणि १९५२ साली पुस्तक आलं. विद्यापीठाला आज त्यांचं नाव आहे. शाळेच्या भिंतींवर त्यांच्या ओळी आहेत. आणि नेमकं भिंतीवर जाताना त्यांचं काहीतरी हरवतं. त्यांना आपण तत्त्वज्ञ करून टाकलं, जवळपास संत. सतराव्या शतकातल्या तुकोबांच्या शिष्या संत बहिणाबाई वेगळ्या. दोघींची गल्लत होते, आणि ती नुसती नावामुळे होत नाही. आपल्याला ती गल्लत सोयीची वाटते.

मनावरची त्यांची कविता घ्या. मंचावर ती नेहमी चंचल मनाला आवर घाला या उपदेशासाठी म्हटली जाते. पण सुरुवात काय आहे? मन म्हणजे उभ्या पिकातलं ढोर. कितीदा हाकला, पुन्हा पिकात. ही तक्रार ज्या बाईने केली तिला त्या ढोराचं कौतुक नाही असं म्हणणाऱ्याने ढोर कधी हाकललेलं नसावं. पुढे ते मन पाखरू होतं, जहरी होतं, खसखशीच्या दाण्याएवढं होतं आणि आभाळाएवढंही. आणि शेवटी ती देवालाच विचारते, की जागेपणी तुला असं कसं स्वप्न पडलं? इथे मन मारायची गोष्ट कुठेच नाही. देव जागेपणी स्वप्न बघतो आणि त्याच्या स्वप्नातून आपलं हे उनाड मन निघतं. संत हे म्हणाला असता, तर पुढे शरण गेला असता. ही बाई शरण जात नाही, थक्क होते. मातीत झोपलेल्या बियाण्यावर ती मायेने शाल पांघरते, सुगरणीच्या खोप्याला जवळून न्याहाळते, जात्याशी बोलते. त्यांच्या कवितेत स्त्री-पुरुषाच्या शृंगाराची गाणी मला दिसत नाहीत, हे कबूल. पण रचलेलं किती आणि उतरलेलं किती? मुलाने आणि त्याच्या मावसभावाने उतरवून घेतलेल्या वहीत आईने काय सांगितलं असेल आणि काय गिळलं असेल, याचा विचार आपण कधी केलाच नाही. कुठलीही आई मुलासमोर बार खेळत नाही.

बालकवींबद्दल थोडक्यात, कारण त्यांच्यावर पुष्कळ लिहून झालंय. धरणगावचे त्र्यंबक बापूजी ठोमरे, १९०७ च्या जळगावच्या कविसंमेलनात 'बालकवी' झाले, १९१८ साली भादली स्टेशनाजवळ रेल्वेखाली गेले, तेव्हा अठ्ठावीसही पूर्ण नव्हते. फुलराणीचं सूर्यकिरणाशी लग्न लावणारा, औदुंबराला पाण्यात पाय सोडून बसवणारा हा कवी आपण लहान मुलांच्या पुस्तकात बसवला, आणि तिथे तो निरुपद्रवी झाला. फुलराणी ही लग्नाच्या वयाला आलेल्या मुलीच्या अंगात पहाटे काय होतं त्याची कविता आहे. पाचवीत पाठ केली म्हणून ती पाचवीची होत नाही.

इथे कुणी म्हणेल, काट मारली म्हणून काय झालं, गाणी बायकांच्या तोंडी आहेतच. नाहीत. ग्रीसमधल्या सॅफोचं उदाहरण मला म्हणून महत्त्वाचं वाटतं. इसवीसनापूर्वी सहाशेच्या आसपास लेस्बोस बेटावर ही बाई प्रेमाची गाणी रचत होती. एका गाण्यात ती प्रेमदेवतेला हाक मारते. चिमण्यांनी ओढलेल्या रथातून देवता खाली येते आणि हसून विचारते, आता पुन्हा कोण? आता पुन्हा कुणाला वळवून आणू? आमच्या फुईने ऐकलं तर म्हणेल, ही तर गौराईच. पुढे अलेक्झांड्रियाच्या पंडितांनी सॅफोच्या गाण्यांचे खंडच्या खंड लावले होते. आज पूर्ण म्हणता येईल असं जवळपास हे एकच गाणं उरलंय. तिची पुस्तकं धर्मवेड्यांनी जाळली अशी दंतकथा आहे, पण खरं कारण बहुधा त्याहून साधं आहे: हस्तलिखितं उतरवणाऱ्यांनी तिच्या गाण्यांच्या प्रती काढणं थांबवलं. जुनी बोली, कोण वाचणार! बाकीचं काय सापडलं ते इजिप्तच्या उकिरड्यांत, फाटक्या पपायरसवर, अर्ध्या अर्ध्या ओळींत. जाळायला निदान राग तरी लागतो. उतरवून न घेण्यासाठी काहीच लागत नाही.

माझ्या म्हणण्याला दुसऱ्या बाजूने येणारी हरकत जास्त खरी आहे, आणि तिला मी घाबरते. हे गावंढळपण, हे जुन्या देवांचं जग, एवढं गोड आहे का? नाही. श्रावणात नागपंचमीनंतरच्या रविवारी आमच्याकडे कानबाई बसते. नारळाची देवी, चौरंगावर, नथ घातलेली. रात्रभर फुगड्या, गाणी. पण तिच्या प्रसादाच्या रोटासाठी दळण घालताना मुठी मोजतात त्या घरातल्या पुरुषांमागे. देवी बाई, राबणाऱ्या बाया, मोजणी पुरुषांची. सातपुड्यातली माणसं डोंगराला, वाघाला, धान्याला देव मानतात आणि त्याच सातपुड्यात डाकीण ठरवून बायकांना मारून टाकल्याच्या घटना घडल्या आहेत. २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याची गरज पडली ती उगाच नव्हे. गाणं आणि डाकीण एकाच पाड्यावर राहतात. जो लेखक फक्त गाणं उचलतो तो लबाडी करतो.

आणि सातपुड्याच्या बाबतीत तर दुसरीही लबाडी चालते. होळीच्या आधीचा भोंगऱ्या बाजार म्हणजे गुलाल लावून पोरीला पळवून न्यायचा 'प्रणयोत्सव', असं वर्णन दरवर्षी छापून येतं. आदिवासी कार्यकर्ते दरवर्षी सांगतात की अहो, हा होळीचा बाजार आहे, आम्ही गूळ, हारकंगन, कपडे घ्यायला येतो. ऐकतं कोण? काठी गावच्या राजवाडी होळीला अंगावर राखेची नक्षी काढून, मोरपिसांचा टोप घालून रात्रभर नाचणाऱ्या बाव्यांचे फोटो सगळ्यांना हवे असतात. त्यांनी पाळलेल्या व्रताबद्दल चार वाक्यं कुणाला नको असतात. शहाद्याकडचे भिली कवी वाहरू सोनवणे यांची मंचावरची कविता आता बरीच प्रसिद्ध आहे. आम्हाला मंचावर बोलावलंच नाही, बोटाने जागा दाखवली, आणि वर बसलेले लोक आमचंच दुःख आम्हाला सांगत राहिले, अशा आशयाची. दुःखाच्या जागी 'आनंद' घाला, कविता तितकीच खरी राहते. शहरातल्या कोमट आयुष्याला कंटाळलेल्या माणसाला कुणीतरी मोकळं, रांगडं, देहभान हरपून नाचणारं हवं असतं, आणि तो ते भिल्लांच्या माथी मारतो. लाल पेन 'अयोग्य' लिहितं, हा माणूस 'वा, काय आदिम!' लिहितो. गाणं दोघांनाही ऐकू आलेलं नसतं.

तर मग करायचं काय? माझं मत ठाम आहे, मग ते कुणाला टोकाचं वाटो. गाणी पूर्ण उतरवा. बोलीत उतरवा, आणि बोली कोणती ते नीट लिहा: पश्चिमेकडची अहिराणी वेगळी, रावेर-यावल-जळगावकडची लेवा गणबोली, तावडी वेगळी. बहिणाबाईंची बोली लेवा गणबोली, तरी त्या अहिराणीत लिहायच्या असं म्हणणारे प्राध्यापक मी पाहिलेत. चेष्टेचं, शिवीचं, अंथरुणाचं गाणं वगळू नका. शाळेत लावू नका हवं तर, पण एम.ए.च्या वर्गात गाथासप्तशतीच्या शेजारी लावा, म्हणजे मुलांना कळेल की अभिजात म्हणजे जुनी झालेली आखाजी. कानबाईचं गाणं छापाल तर शेजारी मुठींचा हिशेबही छापा. आणि गाणाऱ्या बाईला विचारा. ही शेवटची अट मी सगळ्यात सहज लिहिली होती आणि तीच मला नडली.

कारण ती वही पाहून आल्यावर मी फुईकडे गेले. तिचं वय आता ऐंशीच्या पुढे. म्हटलं, फुई, तुझी बारची गाणी मी लिहून घेते, पुस्तकात घालू. ती खूश झाली. दार लोटून घेतलं, आणि अकरा गाणी म्हणाली, मध्ये मध्ये हसून दमायची. मी मोबाइलवर ध्वनिमुद्रण केलं. मग मी म्हटलं की छापलं की सगळे वाचतील. तिने विचारलं, "माणसे भी?" म्हटलं, हो, पुरुषही. ती बराच वेळ गप्प बसली. मग म्हणाली, "मंग नको वं."

मी तिला गाथा सांगितली, ओंजळीतली गौरी सांगितली, सॅफोच्या चिमण्या सांगितल्या. गौरीवर ती हसली. पण नाही म्हणजे नाही. ही गाणी पुरुषांपासून लांब, काठावर म्हणायची म्हणूनच तशी होती, हे तिचं म्हणणं, आणि मला त्याचं उत्तर सापडलेलं नाही. लाल पेनाला मी उत्तर देऊ शकते. फुईच्या नकाराला नाही, कारण तिला गाण्यांची लाज वाटत नव्हती. ती तिची होती, एवढंच.

शेवटी तिने एकाची परवानगी दिली. तेच, गौराई शंकराची झडती घेते ते. त्या मुलीच्या गावात आणि फुईच्या गावात सात-आठ कोसांचं अंतर, दोन कडवी वेगळी. "हाई छाप," म्हणाली, "यामा देवनीच फजिती शे."

बाकी दहा माझ्या मोबाइलमध्ये आहेत. या आखाजीला मी माझ्या सुनेला ती ऐकवणार आहे, दार लावून.